कोरडा ठेवलेला तुकडा

तवक्कलने काबूलच्या गाझी स्टेडियमवर जन्मभर गवत राखलं. मी मातीच्या भिंती बांधल्या आणि घरांवर मातीची धाबी घातली. दोघांचंही काम मातीतलंच, पण उलट्या दिशेचं. मी माती तुडवून तुडवून तिच्यातला जीव काढतो, कारण एक मूळ जिवंत राहिलं तरी धाब्यात पाणी शिरतं. तो तिला जिवंत ठेवायचा. यावरून आमची ओळख झाल्यापासून भांडणं होती.

"आला चिखल्या," तो म्हणायचा. "चार दिवस नाचणार आणि म्हणणार, काम केलं."

"आणि तू काय करतोस? उगवायचं ते देव उगवतो. तू बाजूला उभा राहून पाणी सोडतोस."

"सोडून बघ एकदा."

एकदा मी सोडून बघितलं. तेव्हा मैदानाला नदीच्या पाटाचं पाणी होतं, पहाटे पाळी असायची. मी बांध फोडला, पाणी ऐटीत आत आलं आणि मैदानाच्या मध्यावर जाऊन बसलं. तळंच झालं. दुपारी सामना होता. तवक्कलने पोती अंथरून, दाबून, पिळून ते पाणी काढलं. मी मदतीला वाकलो तर म्हणाला, "तू नको. तुझे पाय जड आहेत." त्या दिवसापासून मी त्याच्या कामाला काम म्हणायला लागलो.

त्याची खोली पश्चिमेच्या पायऱ्यांखाली होती. तिची आतली भिंत मी बांधलेली. खोलीत एक चूल, दोन अंथरुणं, गवत कापायचं मशीन आणि करीमदाद. करीमदाद त्याचा धाकटा भाऊ. आईबाप लवकर गेले, तेव्हा हे पोर रांगत होतं. तवक्कलने त्याला पाठीला बांधून रोलर ओढला आहे. बायको नव्हती. विचारलं की म्हणायचा, "एक पोर आहे, एक मैदान आहे. तिसरं तोंड कशाला?"

राजाच्या दिवसांत स्वातंत्र्याच्या जश्नला सामने व्हायचे, मोठी माणसं यायची. एकदा एक वजीर टाचेचे बूट घालून मैदानात उतरला. तवक्कल त्याच्या मागे चालत गेला आणि टाचेने पडलेलं प्रत्येक भोक अंगठ्याने बुजवत राहिला. सगळं स्टेडियम हसत होतं. वजीर वळला, तेव्हा तवक्कल म्हणाला, "चालू द्या साहेब, मी आहे मागे." राजा गेला, मग त्याच्या मागून आलेले गेले, रशियन आले आणि गेले. गवत कापायचं मशीन तेच होतं.

मग आपल्याच लोकांची लढाई सुरू झाली. एका डोंगरावर एक, दुसऱ्या डोंगरावर दुसरा, आणि मध्ये शहर. रॉकेट कुठेही पडायचं. लोकांनी स्टेडियमची लाकडी बाकं थंडीत जाळायला नेली, मग दारं नेली, मग पाण्याचे नळ जमिनीतून उपटून नेले. नेणाऱ्यांना दोष देत नाही. माझ्या घरातही त्यातलं एक बाक जळलं. तवक्कलने मशीन सुटं करून भाग वेगवेगळ्या ठिकाणी पुरले. पाट आटला, गवत आधी पिवळं झालं, मग गेलं. तो बादलीने गोलपुढचा भाग भिजवत राहिला. बादली करीमदाद आणायचा. तोवर तो चांगला उंच झाला होता, तोंडाचा फटकळ.

"लाला, इथे खेळणार कोण?" तो भावाला विचारायचा. "रॉकेटं?"

"तू बादली आण."

त्यानंतर पगडीवाले आले. रॉकेटं थांबली, हे खरं. सामनेही सुरू झाले. टाळ्या वाजवायच्या नाहीत आणि नमाजाच्या वेळी खेळ थांबवायचा, एवढंच. तवक्कलला त्यांनी कामावर ठेवलं. पण शुक्रवारी सामन्याआधी मैदानात एक गाडी यायची, आणि गाडीतून माणसं उतरवली जायची. मग तवक्कलला वाळू टाकायला बोलवायचे. तो टाकायचा. त्या दिवसांत आम्ही एकमेकांना चिखल्या-गवत्या म्हणणं बंद केलं होतं. काही ठरवून नाही.

करीमदादला पकडलं ते बाजारातल्या भांडणावरून. एक माणूस सुऱ्याने मेला होता. सुरा करीमदादच्या हातात होता की दुसऱ्याच्या, मला माहीत नाही. तवक्कलला माहीत असेल, पण तो कधी बोलला नाही. मेलेल्याच्या बापाला माफ करायचा हक्क होता. तवक्कल चार पांढऱ्या दाढ्या आणि एक मेंढी घेऊन त्याच्या दारात गेला. मीही होतो. आम्ही दारात बसलो, मेंढी ओरडत राहिली, दार उघडलं नाही. संध्याकाळी आतून आवाज आला, "मेंढी घेऊन जा. तिला पाणी तरी पाजा." तो म्हाताराही रडत होता, हे आवाजावरून कळत होतं.

शुक्रवारी बाजार बंद करून लोकांना स्टेडियममध्ये नेलं, त्यात मी होतो. दक्षिणेच्या गोलच्या मागे, धावपट्टी आणि मैदानाची रेघ यांच्या मधल्या पट्टीत त्यांनी करीमदादला बसवलं. भोंग्यावरून बापाला पुन्हा विचारलं. बापाने नकारार्थी मान हलवली. मी पुढे बघितलं नाही. आवाज ऐकला.

देह ताब्यात मिळाला. आम्ही त्याला शुहदाच्या टेकडीवर पुरलं. आमच्यात मारल्या गेलेल्या माणसाचं रक्त ज्या मातीत सांडतं, ती माती खरवडून त्याच्यासोबत कबरीत ठेवतात. ते माणसाचंच असतं, मागे सोडायचं नसतं. तवक्कल घमेलं घेऊन गोलमागे गेला. पहारेकऱ्याने अडवलं.

"काय चाललंय?"

"माझ्या भावाची माती."

"माती सरकारची. वाळू टाक आणि जा."

त्याने वाळू टाकली. दुसऱ्या दिवशी कामावर गेला.

पुढची गोष्ट मला उशिरा कळली. पगडीवाले गेले, परदेशी आले, पाण्याला पंप आला, तवक्कलने बी टाकलं, आणि मैदान पुन्हा हिरवं व्हायला लागलं. पण गोलमागे एक तुकडा टकलाच राहिला. शहरात चर्चा पसरली की तिथे रक्त सांडलंय म्हणून गवत उगवत नाही. कॅमेरे घेऊन लोक यायचे, त्या तुकड्याचे फोटो काढायचे, दुभाष्यामार्फत तवक्कलला विचारायचे, "किती प्रयत्न केलेत?" तवक्कल काही बोलायचा नाही. दुभाषा आपल्या मनाने बरंच सांगायचा.

मी खोलीची भिंत दुरुस्त करायला गेलो होतो. जाता जाता त्या तुकड्यापाशी थांबलो. त्याच्या चारही बाजूंना बोटभर उंचीचा वरंबा होता. मातीचाच, नीट थापलेला. माझ्या डोळ्यांना असली गोष्ट लपत नाही. बाजूला निळी ताडपत्री घडी करून ठेवलेली, मदतीच्या सामानात यायची तसली.

"तवक्कल, इथे गवत उगवत नाही, की तू पाणी जाऊ देत नाहीस?"

त्याने आजूबाजूला बघितलं. "पाणी दिलं की कुठेही उगवतं. कबरीवर नाही उगवत?"

"मग?"

"पाणी मुरलं की त्याचं रक्त खाली जाईल. खाली गेलं की संपलं."

पाऊस आला की तो ताडपत्री घालायचा. बर्फ पडलं की सगळं मैदान सोडून आधी तेवढा तुकडा झाडायचा. इतकी वर्षं. तुम्ही एखादी जागा उघड्यावर कोरडी ठेवून बघा. गवत वाढवणं त्याच्यापुढे सोपं आहे.

मी म्हणालो, "आता कोण अडवतंय? घमेलं आण, आत्ता खरवडू. टेकडीवर नेऊ."

"नको."

"का?"

"तिथे कोण आहे त्याच्याजवळ? इथे मी रोज असतो." मग म्हणाला, "आणि इथे एकटा नाही तो. बाकीचेही आहेत. त्यांचं कोण येणार?"

मी जोर केला नाही. त्याचा भाऊ, त्याची जागा.

मग दुरुस्तीचा निर्णय झाला. पायऱ्या नव्या, खुर्च्या नव्या, आणि मैदानाची वरची माती कमरेपर्यंत काढून त्यावर खडी आणि खडीवर प्लास्टिकचं गवत. इंजिनिअर शुऐब नावाचा तरुण माणूस होता, हातात चहाचा पेला घेऊनच सगळीकडे फिरणारा. माणूस वाईट नव्हता. तवक्कल त्याच्यापुढे टोपी काढून उभा राहिला. तवक्कलने कुणापुढे टोपी काढलेली मी त्याआधी पाहिली नव्हती.

"साहेब, गोलमागचा तुकडा मला द्या."

"तुकडा? काका, माती तर सगळीच टाकायची आहे. पाहिजे तेवढी न्या. बाग करताय?"

"कबर."

इंजिनिअरने पेला खाली ठेवला. कुणाची वगैरे विचारलं नाही. म्हणाला, "शुक्रवारी मशीन बंद असतं. शुक्रवारी या, सावकाश न्या. तोवर त्या बाजूला कुणी जाणार नाही, मी सांगून ठेवतो."

त्याने सांगितलंही असेल. पण मातीचं मशीन चालवणारा हबीबुल्ला त्या दिवशी दुसऱ्या टोकाला होता, आणि निरोप त्याच्यापर्यंत गेला नाही.

गुरुवारी आम्ही दोघं टेकडीवर गेलो. करीमदादच्या पायाशी जमीन उकरायची होती, म्हणजे शुक्रवारी माती आणली की थेट आत ठेवता येईल. टेकडीची जमीन दगडी. कुदळ मारली की हाताला झिणझिण्या. तवक्कल मला नीट खणू देईना. "कडा सरळ घे. हे काय उंदराचं बीळ आहे?" बऱ्याच दिवसांनी त्याने मला चिखल्या म्हटलं. आम्ही नान आणि गंदन्याच्या पातीची भाजी खाल्ली, संध्याकाळी उतरलो, आणि सहज म्हणून स्टेडियमवर गेलो.

गोलच्या मागे खड्डा होता.

बाकी सगळीकडे गवत जसंच्या तसं, आणि तेवढाच भाग काढलेला. तवक्कल खड्ड्याच्या काठावर उभा राहिला. आत उतरला. तळाची माती हातात घेतली, चोळली, टाकली. ती खालची होती, ओलसर आणि काळी. "ही नाही," म्हणाला.

पहारेकऱ्याला विचारलं तर हबीबुल्ला सुट्टीवर गेलेला. तो आम्हाला शुक्रवारी दुपारच्या नमाजानंतर सापडला, त्याच्या मशिदीच्या दारात. बूट घालत होता. ऐकल्यावर एक बूट हातातच राहिला.

"काका, मला कुणी सांगितलं नाही. खुदाची शपथ."

"पण तिथूनच का?" मी विचारलं. "एवढं मैदान पडलंय."

"उस्ताद, तुम्ही विचारताय? डोंगरावरची बायामाणसं रोज माझ्या मागे. धाबी घालायचे दिवस आहेत. बिनमुळांची माती आण म्हणतात, गवताची नको. सगळ्या मैदानात तेवढाच भाग बिनमुळांचा होता. म्हटलं, सुट्टीच्या आधी एक खेप यांना टाकून जाऊ. आशीर्वाद देतील."

मी असतो तर मीही तीच माती निवडली असती. हिवाळ्याआधी काबूलमध्ये घरोघरी धाब्यावर माती चढते, आणि बिनमुळांची, वर्षानुवर्षं कोरडी राहिलेली माती दिसली की कुणीही हात मारेल. इतकी वर्षं राखून तवक्कलने धाब्यासाठी शहरातली उत्तम माती तयार केली होती.

शेरदरवाजा डोंगराच्या पायथ्याला जिथे ट्रक रिकामा केला तिथे काहीच नव्हतं, नुसता भुरका डाग. झाडूनसुद्धा नेलेली. वर जाणाऱ्या वाटेवर माती सांडत गेली होती, तिच्या मागे आम्ही चढलो. वाट पहिल्याच वळणावर एका घराशी थांबली. मेहरू नावाच्या बाईचं घर. ट्रक तिच्या दाराखालीच उभा राहिला होता, म्हणून पहिला आणि मोठा वाटा तिचा.

घरापुढच्या खड्ड्यात माती भिजत घातली होती, भुसा मिसळून. तिचा मोठा मुलगा गुडघ्यापर्यंत चिखलात उभा राहून तुडवत होता. धाब्यावर कोरड्या मातीचा थर पसरून झाला होता आणि अर्ध्यावर चिखलाचा पहिला हात दिलेला.

"कोण पाहिजे?" मेहरूने विचारलं. साठीच्या आतबाहेरची, बाह्या वर सरकवलेली.

"माती," तवक्कल म्हणाला.

"काल यायचं होतं. संपली. आम्ही सकाळपासून वाटेवर डोळे लावून बसलो होतो, तुम्ही आयत्या वेळी येता."

तवक्कल खड्ड्याच्या काठावर बसला. चिखलातून त्याने एक निळा धागा ओढून काढला. ताडपत्रीचा. मग दुसरा. बाई माझ्याकडे बघायला लागली, डोकं ठिकाणावर नसलेल्या माणसासोबतच्या शहाण्याकडे बघतात तशी.

"याला काय झालंय?"

तवक्कलनेच सांगितलं. थोडक्यात. गोल, पट्टी, भाऊ, पहारेकरी, वरंबा. तो सांगत असताना मुलाचे पाय थांबले. त्याला बाहेर यायचं होतं, पण बाहेर यायला आणखी दोन पावलं चिखलातच टाकावी लागणार होती. तो तसाच उभा राहिला, हात पसरून, तोल सांभाळत.

"अरे ये बाहेर!" मेहरू त्याच्यावर खेकसली. मग तवक्कलकडे वळली. "काका, आत माझा नवरा पडून आहे. अंग गेलंय त्याचं, तोंडावरची माशी हाकलता येत नाही. गेल्या हिवाळ्यात त्याच्या छातीवर पाणी गळायचं, मी रात्रभर तांब्या धरून बसायची. आणि तुम्ही मला सांगताय की धाबं उतरव? पगमानच्या डोंगरावर बघा. पांढरं झालंय."

"मी काही म्हणालो नाही," तवक्कल म्हणाला.

"डोळ्यांनी म्हणताय." तिने खड्ड्याकडे हात केला. "खड्ड्यातली न्या. बदल्यात तेवढीच माती मला आणून द्या, बिनमुळांची. वरची नाही देणार. गुन्हा वाटला तर वाटू दे, मी माझं देवाशी बघेन."

"बरोबर आहे," तवक्कल म्हणाला. "नवऱ्याच्या डोक्यावरचं छप्पर मागणारा मी कोण?"

चिखल पोत्यात भरला की कोरड्या मातीच्या दुप्पट वजनाचा होतो, आणि पोत्यातलं पाणी पाठीवरच झिरपतं. आम्ही म्हातारे होतो. चिखल खाली नेला, हबीबुल्लाने स्वतःहून ट्रक आणला, टेकडीच्या पायथ्याशी पोचवला, पुन्हा पाठीवर घेऊन वर नेला. मुल्लाला विचारलं की भुसा मिसळलेला चालेल का. मुल्ला म्हणाला, "भुसाही मातीचाच." गुरुवारी खणलेली जागा भरली. तवक्कलने वरून हात फिरवून सारखं केलं, मैदानावर करायचा तसंच, हलक्या तळव्याने. परत येताना दुसऱ्या एका पडक्या भिंतीची जुनी माती मिळवली आणि मेहरूकडे चढवली. मी ती भिजवली आणि उरलेलं धाबं मीच घातलं. तवक्कल वर आला. जोडे खाली काढून आला.

"पाय रोवून चाल," मी म्हटलं. "दाबल्याशिवाय धाबं होत नाही."

तो गुडघ्यांवर बसला आणि हाताने दाबत गेला. त्यामुळे काम लांबलं. काम मात्र चोख झालं. एक चीर नव्हती.

स्टेडियमवर प्लास्टिकचं गवत बसलं, उद्घाटन झालं. प्लास्टिकला पाणी लागत नाही, म्हणून तवक्कलही लागेनासा झाला. खोली सोडून तो माझ्या गल्लीत एका भाड्याच्या खोलीत आला. आणि बर्फ पडलं की लाकडी फावडं खांद्यावर टाकून डोंगर चढायचा. मेहरूचं धाबं तिच्या मुलांच्या आधी तो झाडायचा.

"आला माझा जावई," मेहरू म्हणायची. "मुलगी नाही माझ्याकडे, मी आधीच सांगते."

"चहा आहे?"

"चहा आहे."

धाब्यावरून स्टेडियम दिसायचं. भर हिवाळ्यात, सगळं शहर राखेच्या रंगाचं, आणि मध्ये तो हिरवा चौकोन. तवक्कल बघायचा आणि म्हणायचा, "बर्फातही हिरवं. लाज नाही त्याला."

पावसाळी दिवसांत तो धाब्याचे चारही कोपरे तपासायचा, पन्हळ साफ करायचा, चिरा बुजवायचा. मेहरूच्या घरात पुन्हा कधी गळलं नाही. दरवर्षी शरद ऋतूत मी नवा हात द्यायचो, जुन्यावर. जुनं खरवडायचं नाही हे आमच्यात न बोलता ठरलेलं होतं. हे चूक होतं. धाब्यावर थर चढत गेला की वजन चढतं. मी त्याला एकदा म्हणालो, जुनं थोडं उतरवलं पाहिजे. तो म्हणाला, "पुढच्या वर्षी."

मग एका वसंतात पाऊस लागला तो थांबेचना. डोंगरावरची माती सुटायला लागली, दोन गल्ल्या पलीकडे एक घर बसलं. मेहरूचा मुलगा मला बोलवायला आला आणि मी तवक्कलला. आम्ही चढलो तेव्हा मेहरूचा नवरा आत खाटेवर होता आणि त्याच्या वरची तुळई वाकली होती. तिला खालून टेकू दिला होता, पण टेकूच जमिनीत रुतत होता. नवऱ्याला उचलून न्यायला जागा नव्हती. बाहेर गल्लीतून ओढा वाहत होता, आणि गल्लीतली सगळी घरं त्याच अवस्थेत.

मी वर गेलो. धाबं पायाखाली हलत होतं, भिजलेल्या गादीसारखं. एवढ्या वर्षांचे थर सगळे पाणी पिऊन बसलेले. मी खाली बघून म्हटलं, "उतरवावं लागेल. सगळं. तुळयांपर्यंत. वजन गेलं तर लाकूड वाचेल, वर ताडपत्री ताणू."

तवक्कल शिडीवर होता. त्याच्याशिवाय मी दुसऱ्या कुणाला बोलवणार होतो? त्याने ऐकलं, आणि वर आला. या वेळी जोडे काढले नाहीत.

"कुठे टाकायची?" त्याने विचारलं.

"गल्लीत. दुसरीकडे जागा नाही."

"पोत्यात भरू?"

"तेवढा वेळ नाही, तवक्कल."

खालून मेहरूचा आवाज आला, "काका, तुळई कडकडतेय!"

त्याने फावडं घेतलं. मी त्याचं काम आयुष्यभर पाहिलं आहे. तो कधी घाई करायचा नाही. त्या दिवशी त्याने घाई केली. वरचे थर मी घातलेले, ते आधी गेले. मग खालचा आला, भुरका, बाकीच्यांपेक्षा बारीक. त्यात एक निळा धागा दिसला. तोही त्याने पाहिला असणार, कारण फावडं क्षणभर थांबलं. मग त्याने ते मातीखाली घातलं आणि उचलून गल्लीत टाकलं. पाण्याने ती घेतली. पुन्हा भरलं, पुन्हा टाकलं. मुलं बाजूने टाकत होती, मी टाकत होतो, पण त्या कोपऱ्यात त्याने कुणाला येऊ दिलं नाही.

तुळई वाचली. ताडपत्री ताणली. मेहरूचा नवरा त्यानंतर दोन वर्षं जगला.

काम संपल्यावर मेहरूने चहा आणला. तवक्कल शिडीच्या पायथ्याशी पावसातच बसला होता. तिने पेला पुढे केला. म्हणाली, "साखर घातलीय."

"बरं केलंस," तो म्हणाला आणि प्यायला. गल्लीतलं पाणी खालच्या वळणावर नदीकडे वळत होतं. तो तिकडे बघत नव्हता.

नंतर तो डोंगर चढला नाही. मेहरूच्या धाब्यावर पत्रा आला, तेव्हा चढायचं कारणही उरलं नाही. टेकडीवर मात्र मला घेऊन जायचा. करीमदादच्या पायाशी बसायचा आणि मातीवर हात ठेवायचा.

"यात त्याची माती किती असेल रे?" त्याने मला एकदा विचारलं. "उस्ताद आहेस तू. सांग."

मला सांगता येत नव्हतं. निळे धागे होते एवढं खरं.

"आहे थोडी," मी म्हटलं.

"थोडी," तो म्हणाला, आणि हात काढून झटकला नाही, तसाच कुर्त्याला लावून ठेवला. आम्ही उतरायला लागलो. उताराला त्याचे गुडघे दुखायचे, म्हणून सावकाश.